चाल कुणाची?

शिरूरहून न्हावरे मार्गे दक्षिणेला निघालं, की उसाच्या पट्ट्यातून आणि भीमेवरच्या पुलावरून रस्ता पुणे-सोलापूर हमरस्त्याला येऊन मिळतो. चार वाटा एकत्र येतात म्हणून ठिकाणाचं नाव चौफुला. दौंड तालुक्यातला हा फाटा संगीत बारीच्या कलाकेंद्रांमुळे महाराष्ट्रभर ठाऊक आहे. थिएटरच्या दारात पार्ट्यांची नावं लावलेली असतात, प्रत्येक पार्टी आपल्या मालकिणीच्या नावानं ओळखली जाते. बारी म्हणजे पाळी. एका पार्टीची बारी सरली की दुसरी रंगमंचावर येते.

सगळ्यांच्या नजरा नाचणारीवर असतात. माझी नजर मागं बसलेल्या पेटीवाल्याकडे जाते. डावा हात भात्यावर, उजव्या हाताची बोटं पट्ट्यांवर, डोळे गाणारीच्या ओठांवर. पुढ्यात वही नाही, स्वरलिपीचा कागद नाही. तिनं ओळ उचलली की तो किंचित मागं राहून ती पकडतो. तीच ओळ तिनं दुसऱ्यांदा वेगळी वळवली, तिसऱ्यांदा आणखी वेगळी, की त्याची बोटंही वळतात. मग प्रेक्षकांतून फर्माईश येते, 'नटरंग'मधल्या लावणीची. ढोलकीवाला पानावर बोटांनी हलकेच चाचपून घेतो, पेटीवाला मान हलवतो आणि गाणं सुरू. ते संपतं, त्याला लागूनच एक जुनी बैठकीची लावणी येते. बोटं तीच, भाता तोच.

पण 'ही चाल कुणाची?' असं विचारून बघावं. पहिल्या गाण्याचं उत्तर शेंबडं पोरही देईल: अजय-अतुलची. दुसऱ्या लावणीचं उत्तर एवढंच, की बारीतली आहे. आईनं म्हटलेली, तिच्या आईनं म्हटलेली. त्यापलीकडे नाव नाही.

ज्यांचं नाव पटकन निघतं ते अजय आणि अतुल गोगावले हे भाऊ लहानपणी काही काळ याच टापूत, शिरूरला राहिलेले. त्यामुळे नाव असलेली चाल आणि नाव नसलेली चाल इथं एकमेकींच्या इतक्या जवळ नांदतात, की चालीला धनी कधी मिळाला आणि कसा, हे शोधत जावंसं वाटतं.

'चाल' हा शब्दच मोठा बोलका आहे. तो चालण्यातून आलेला. गाण्याला पाय फुटतात ते चालीनं, आणि पाय फुटलेली गोष्ट एका घरात राहत नाही. आपले शाहीर शब्दांवर हक्क सांगायचे. लावणीच्या शेवटच्या कडव्यात स्वतःचं नाव गुंफायचं, ही त्यांची सही. पठ्ठे बापूरावांपर्यंत ही रीत अखंड चालत आली. चालीवर मात्र सही करायला जागाच नव्हती. पेशवाईतल्या होनाजी-बाळा या जोडीत होनाजी शिलारखाने शब्द रचायचा आणि बाळा करंजकर गायचा. बाळाचं नाव जोडीत टिकलं ते गळ्यामुळे. त्याच्या गळ्यातल्या सुरावटी नेमक्या कशा होत्या, हे कागदावर कुणी उतरवलं नाही.

तमाशाच्या फडात तर चाल एकट्याची असायचीच नाही. मुख्य गाणारा ओळ टाकतो, मागचे सुरत्ये ती उंच उचलून धरतात, तुणतुण्याची तार खालून एकच सूर रेटत राहते. चार माणसांनी मिळून उचललेल्या पालखीसारखा तो प्रकार. शिरूर तालुक्यातल्या कवठे येमाईचे बी. के. मोमीन कवठेकर यांनी आपलं आयुष्य फडांसाठी गाणी आणि वगनाट्यं लिहिण्यात घालवलं. गाणी लिहिणाऱ्याचं नाव निदान तालुक्याला ठाऊक झालं, शासनाच्या पुरस्कारानं ते राज्यापर्यंतही गेलं. त्या गाण्यांना पेटीवर सूर देणारे किती जण होते आणि कोण, ते त्या त्या फडाबरोबर विरून गेले.

चालीला छापील कागदावर जागा मिळाली ती संगीत नाटकात. 31 ऑक्टोबर 1880 रोजी पुण्याच्या आनंदोद्भव नाट्यगृहात अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'शाकुंतल' उभं राहिलं. त्या परंपरेतल्या नाटकांची जुनी पुस्तकं उघडली तर पदाच्या डोक्यावर बारीक अक्षरात एक ओळ दिसते. 'चाल', आणि पुढं दुसऱ्याच एखाद्या पदाचे सुरुवातीचे शब्द. म्हणजे हे पद त्या पदासारखं म्हणावं. कीर्तनातली साकी, दिंडी, लावणीचं वळण, कर्नाटकाकडच्या सुरावटी, जे कानाला गोड लागलं ते अण्णासाहेबांनी घेतलं आणि कुठून घेतलं तेही वर लिहून टाकलं. मला ती ओळ फार आवडते. उसनं आणलेल्या भांड्यावर शेजारणीचं नाव कोरलेलं असावं, तशी ती वाटते.

त्यानंतर 1911 साली 'मानापमान' आलं आणि चित्र पालटलं. खाडिलकरांच्या या नाटकाला चाली दिल्या गोविंदराव टेंबे यांनी. टेंबे मुळात पेटीवादक. उत्तरेकडच्या ठुमरी-दादऱ्याचा ढंग त्यांच्या कानात मुरलेला होता, तो त्यांनी मराठी पदांत आणला. आता प्रेक्षक नाटकाला जाताना लेखकाचं आणि नटाचं नाव घेई, तसं चाली देणाऱ्याचंही घेऊ लागला. पाच वर्षांनी 'स्वयंवर'ला भास्करबुवा बखल्यांनी चाली दिल्या, तेव्हा हे मानाचं काम आहे हे पक्कं झालं.

हे पेटीवाल्याच्या हातून व्हावं, यात मला अर्थ दिसतो. पेटी परदेशातली. पॅरिसच्या देबँ नावाच्या कारागिरानं 1842 साली तिचं पेटंट घेतलं. पायानं भाता मारायचं ते धूड कलकत्त्याच्या द्वारकानाथ घोष यांनी मांडीपुढं घेऊन हातानं वाजवण्याजोगं केलं आणि ती गावोगाव गेली. शास्त्रीय गवयांची तिच्यावर कायम तक्रार, की तिला मींड नाही, तिचे सूर ठोकळेबाज. आकाशवाणीनं तर 1940 साली तिला दाराबाहेर काढलं आणि पुढची तीस वर्षं घरात घेतलं नाही. पण चाल बांधणाऱ्याला पेटीनं जे दिलं ते दुसऱ्या कुठल्याही वाद्यानं दिलं नव्हतं. एका हातानं सूर धरून ठेवावा आणि त्याच वेळी तोंडानं शब्द म्हणून बघावेत. ओळ अडली तर थांबावं, पट्टी बदलावी, पुन्हा म्हणावी. सूर समोर मांडून ठेवलेले आहेत, निवडायचे आहेत. गाता गाता सुचणं आणि बसून रचणं यातला फरक पेटीनं केला, आणि बसून रचणाऱ्या माणसाला पुढं संगीतकार म्हणू लागले.

या वाटेवर एक वळण आपल्याच तालुक्यांतून जातं. शिरूरला अमेरिकन मराठी मिशनचं ठाणं होतं. दौंड तालुक्यात केडगावला पंडिता रमाबाईंनी मुक्ती मिशन उभं केलं. मिशनऱ्यांनी सोबत आपली स्तोत्रं आणली, त्यांच्या चाली युरोप-अमेरिकेतल्या. मराठी शब्द त्या चालींत बसवायचे म्हणजे ऱ्हस्व-दीर्घाची ओढाताण व्हायची. नगरकडे नारायण वामन टिळकांनी हे उलटं फिरवलं. ख्रिस्ताची भक्ती मराठी माणसानं अभंगात, ओवीत, भजनाच्या चालीत करावी हा त्यांचा आग्रह होता आणि त्यांनी तशी भजनं लिहिली. शब्द नवे, देव नवा, चाल मात्र पिढ्यान्पिढ्या देवळात म्हटलेली. देवळातल्या चालीला चर्चमध्ये जाताना कुणाची परवानगी लागली नाही, कारण ती कुणा एकाची नव्हतीच.

पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' प्रभातनं 1932 साली काढला. त्याचं संगीत टेंब्यांचंच, आणि हरिश्चंद्राचं कामही त्यांनीच केलं. चालीचं नाव आता पडद्यावर, श्रेयनामावलीत आलं. पुढच्याच वर्षी प्रभात कोल्हापूरहून पुण्याला आली आणि केशवराव भोळे, मास्तर कृष्णराव ही माणसं पगारी संगीत दिग्दर्शक म्हणून तिथं नांदू लागली. चाल लावणं हा महिन्याच्या महिन्याला पगार मिळणारा व्यवसाय झाला. बाप मुलाला 'गाणं-बजावणं करून पोट भरणार का?' असं विचारत असेल, तर त्याला देण्यासारखं उत्तर तेव्हापासून मराठीत आहे.

आणि तेव्हापासूनच एक विलक्षण गोष्टही घडत आली. 1936 सालच्या 'संत तुकाराम'साठी शांताराम आठवल्यांनी एका बीजातून तरू वाढण्याचं रूपक घेऊन एक अभंग लिहिला, भोळ्यांनी त्याला चाल दिली. तो इतका तुकोबांच्या वळणाचा होता, की भल्याभल्यांनी तो गाथेतलाच मानला. अजूनही मानतात. 1951 सालच्या 'अमर भूपाळी'त हेच उलट्या बाजूनं झालं. होनाजीच्या जुन्या भूपाळीला वसंत देसाईंनी नवी चाल दिली आणि आज पहाटे रेडिओवर ती लागली, की ऐकणाऱ्याला वाटतं चालसुद्धा पेशवाईतलीच. संगीतकाराची सही पुसली जाणं हा त्याच्यावर अन्याय आहे, हे मी मान्य करतो. तरी चाल लावणाऱ्याला याहून मोठी पावती दुसरी कुठली मिळायची, असंही मनात येतं. ती चाल आपल्या आधीपासून होती असं लोकांना वाटावं!

तमाशापटांच्या काळात बारी आणि पडदा समोरासमोर आले. अनंत माने यांचा 'सांगत्ये ऐका' 1959 साली आला, संगीत वसंत पवारांचं. पुण्याच्या विजयानंद थिएटरात तो 131 आठवडे चालला. 1972 साली राम कदमांनी 'पिंजरा' केला. या दोघांनी लावणीची ढोलकी स्टुडिओत बसवली, तिच्या भोवती व्हायोलिनं लावली, कडव्यांच्या मधल्या जागा मोजून भरल्या. बारीत लावणी वीस मिनिटं चालू शकते. गाणारी हवा तितका वेळ एका शब्दावर रेंगाळते, कारण समोरच्या माणसाचे डोळे तिला कळतात. रेकॉर्डवर मात्र तीन-चार मिनिटांत सगळं आटपायचं असतं. संगीतकाराचं खरं कसब तिथं लागलं. वीस मिनिटांतला नेमका कुठला तुकडा उचलायचा, कुठली फिरकी एकदाच घ्यायची, ढोलकीचा तोडा कुठं सोडायचा. हे काम सोपं नाही आणि ते करणाऱ्यांना मी कलावंतच मानतो.

पण बारीतल्या बायकांचं काय? कितीतरी वळणं त्यांच्या गळ्यांतून आली. त्यांची नावं कुठल्या रेकॉर्डच्या गोल कागदावर आली नाहीत. यमुनाबाई वाईकरांसारखी एखादी पद्मश्रीपर्यंत पोचली, तीही वयाची नव्वदी उलटल्यावर. बाकीच्यांचं गाणं दौलतजादाच्या नोटांबरोबर मोजलं गेलं आणि संपलं. पुढं तर प्रेक्षक सिनेमातल्या लावण्यांचीच फर्माईश करू लागले, आणि या बायकांना आपल्याच घरातून गेलेली चाल पडद्यावरून परत शिकावी लागली. जुन्या बैठकीच्या लावण्या त्या रेट्यात मागं पडल्या. हे बोलताना मला वाईट वाटतं, आणि ते लपवण्याचं कारण नाही.

धनी म्हणून नाव लागलं तरी संगीतकाराच्या हाती मालकी आली होती असंही नाही. निर्मात्यानं ठरावीक रक्कम दिली, की चाल निर्मात्याची. 1977 साली सर्वोच्च न्यायालयातही याचा निकाल निर्मात्यांच्याच बाजूनं लागला. एखादं गाणं चाळीस वर्षं लग्नाच्या मांडवात वाजत राहिलं, तरी ज्याच्या पेटीवर ते जन्मलं त्याच्या घरी त्यातलं काही येईलच याचा भरवसा नसे. 2012 साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि गीतकार-संगीतकारांचा स्वामित्वधनातला वाटा त्यांच्याकडून लिहून घेता येणार नाही, असं ठरलं. टेंब्यांच्या 'मानापमान'ला तोवर शंभर वर्षं उलटून गेली होती.

टीव्हीनं या धंद्याला वेगळंच वळण दिलं. मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं, पण मालिकेचं शीर्षकगीत घराघरात शिरलं ते 1999 नंतर, अल्फा मराठी ही वाहिनी आल्यावर. 'आभाळमाया'चं शीर्षकगीत मंगेश कुलकर्णींनी लिहिलं, अशोक पत्कींनी त्याला चाल दिली, देवकी पंडित गायल्या. सिनेमाच्या गाण्याला माणूस तिकीट काढून, अंधारात, समोर बघत बसतो. शीर्षकगीत ऐकणारी बाई ओट्याशी उभी असते, टीव्हीकडे तिची पाठ असते, कुकरची शिट्टी चालू असते. पहिल्या तीन-चार सुरांत तिनं गॅस बारीक करून बाहेर यायला हवं. मिनिटा-दीड मिनिटात गोष्टीचा स्वभाव सांगून मोकळं व्हायचं, आणि तीच चाल रोज, वर्षानुवर्षं ऐकूनही विटता कामा नये. जाहिरातींच्या असंख्य जिंगल्स केलेल्या पत्कींच्या हाताला थोडक्यात पुष्कळ सांगायची सवय होती, ती इथं कामी आली. देवळातल्या घंटेचं काम या चालींनी पंचवीस वर्षं केलं आहे.

आता पुन्हा शिरूर. अतुलचा जन्म 1974 चा, अजयचा 1976 चा. वडील महसूल खात्यात, म्हणजे बदल्या आल्याच. आळंदी, राजगुरुनगर, जुन्नर, शिरूर, घोडेगाव अशी ती गावं. घराण्यात गाणं नव्हतं. पण त्या गावांची नावं पुन्हा वाचावीत. आळंदीला भजन आणि टाळ-मृदंग. जुन्नर तालुक्यात तमाशाचं नारायणगाव. शिरूर म्हणजे घोडनदी, नगर रस्त्यावरचं बाजाराचं गाव, जिथं वराती, यात्रा, बँड आणि भोंगे यांना तोटा नाही. दर बदलीबरोबर त्या पोरांच्या कानात एक नवी पेठ वसत गेली. शाळेत असताना एन.सी.सी.च्या एका स्पर्धेत त्यांनी ठरलेलं गाणं आपल्या वेगळ्या चालीवर म्हटलं आणि बक्षीस मिळवलं, अशी हकीकत सांगतात. मला त्यात किर्लोस्करांची ती बारीक अक्षरातली ओळ दिसते, पण उलटी झालेली. शब्द दुसऱ्याचे, चाल आमची.

2001 च्या 'विश्वविनायक' या ध्वनिमुद्रिकेपासून त्यांचं नाव झालं. 2004 ला 'अगं बाई अरेच्चा!', 2006 ला 'जत्रा', 'जोगवा'साठी राष्ट्रीय पुरस्कार, 2010 च्या पहिल्याच दिवशी 'नटरंग'. 'जत्रा'मधलं कोंबडीचं गाणं सहा वर्षांनी 'अग्निपथ'मध्ये हिंदी शब्द लेवून देशभर नाचलं. टीव्हीसाठीही त्यांनी मोठं काम केलं. स्टार प्रवाहवरच्या 2008 सालच्या 'राजा शिवछत्रपती'ला त्यांनी कवी भूषणाचा ब्रज भाषेतला छंद शीर्षकगीत म्हणून दिला. साडेतीनशे वर्षांपूर्वीचे शब्द, बहुतेकांना पुरते न कळणारे. पण ती गर्जना प्राथमिक शाळेतल्या पोरांना तोंडपाठ झाली. हे शब्दांनी झालेलं नाही, चालीनं केलं.

2016 सालच्या 'सैराट'साठी ते लॉस एंजेलिसला गेले. सोनीच्या भव्य ध्वनिमुद्रण दालनात पाश्चात्त्य वाद्यवृंद बसला, प्रत्येकापुढं स्वरलिपीचा कागद. हिंदी सिनेमात सेबॅस्टियन डिसूझांसारख्या गोव्याच्या संयोजकांनी आधीच ही कागदाची शिस्त रुजवली होती. तरी मराठी मातीतली चाल मराठीचा एक शब्द न कळणाऱ्या माणसांनी नुसती वाचून वाजवावी, हे नवीन होतं. चौफुल्याच्या पेटीवाल्याच्या पुढं कागद नाही, त्यांच्या पुढं कागदाशिवाय काही नाही. चाल दोन्हीकडे पोचते.

मग ती परत येते. मोठ्या गाण्याला वर्ष-सहा महिने झाले, की वरातीतला बँड ते उचलतो. तुतारीचा तुकडा क्लॅरिनेटवर, व्हायोलिनांचा थवा कॅसिओवर. पुढच्या यात्रेत फडाची पेटी ते घेते. आणि सगळ्यात शेवटी ते देवळात येतं. घोडनदीकाठच्या, भीमाकाठच्या गावांत सप्ताहाच्या रात्री भजनी मंडळं बसतात. तुकोबांचा अभंग, पखवाज लागलेला, टाळ गळ्यात. पहिली दोन भजनं जुन्या चालीत होतात. तिसऱ्याला कुणीतरी पोरगं म्हणतं, बुवा, नवी चाल घ्या. बुवा पेटीचा भाता उघडतात, पांढरी दोनचा सूर धरतात आणि अभंगाचं पहिलं चरण सिनेमाच्या गाण्यावर बसवून बघतात. एक मात्रा जास्त होते. शब्द ओढून घेतात, पुन्हा म्हणतात, आता बसतं. मागं टाळ धरलेल्या म्हाताऱ्यानं तो सिनेमा पाहिलेला नसतो. तो शेजारच्याला विचारतो, चाल कुठली? बुवा गाण्याचं नाव सांगत नाहीत. दोन सूर वाजवून दाखवतात, आणि म्हातारा मान डोलावून झील धरतो.